एक्स-रेच्या दाराबाहेरचा प्रश्न

मागच्या वर्षी चुलत बहिणीला पोटाच्या एक्स-रेसाठी घेऊन गेले होते. पोट फुगलेलं, दोन दिवस उलट्या, आणि लहानपणी अपेंडिक्सचं ऑपरेशन झालेलं. डॉक्टरांना आतड्यात अडथळा असल्याची शंका होती. बाकावर आम्ही दोघी, शेजारी काका, समोर आणखी पाच-सहा पेशंट. टेक्निशियनने दार उघडून तिथूनच विचारलं, "पेशंट प्रेग्नंट नाही ना? पाळी वेळेवर आहे ना?" ती खाली बघत म्हणाली, "हो, आहे." दार बंद झाल्यावर माझ्या कानात म्हणाली, "ताई, बारा दिवस झाले पुढे गेलीये. पण पप्पांसमोर कसं सांगणार?"

पुढे काय झालं ते शेवटी सांगते. आधी तो प्रश्न. एक्स-रे काढायला गेलेल्या प्रत्येक बाईला तो विचारतात, दारावर पाटीही असते, आणि बहुतेकांना तो फॉर्मवरचा एक रकाना वाटतो. मलाही वाटायचा. एपिडेमिऑलॉजीच्या कोर्सवर्कमध्ये त्यामागचे मूळ पेपर वाचले तेव्हा कळलं की या एका प्रश्नासाठी जवळजवळ चाळीस वर्षं वाद चालला होता. तुम्ही पेटची किंवा सिनॉप्सिसची तयारी करत असाल तर रिसर्च मेथडॉलॉजीच्या गाइडमधली निम्मी प्रकरणं या एका गोष्टीत सापडतील.

सुरुवातीचा भाग झटपट. विल्हेल्म राँटगेनला १८९५ च्या नोव्हेंबरात हे किरण सापडले आणि वर्षभरातच ते पोटापर्यंत पोचले. हाडं लगेच दिसत होती, पण जठर-आतडी म्हणजे मऊ मांस, त्यांच्यातून किरण आरपार जात. हार्वर्डमध्ये वॉल्टर कॅनन नावाच्या वैद्यकीच्या विद्यार्थ्याने १८९६-९७ मध्ये प्राण्यांच्या खाण्यात बिस्मथचा क्षार मिसळला आणि मांजराच्या जठराची हालचाल पडद्यावर पाहिली. मांजर चिडलं की जठर थांबतं, हेही त्याला तिथेच दिसलं. आज आपण बेरियम पिऊन जी तपासणी करतो, तिचा हा पूर्वज. कॅनन १९४५ मध्ये वारला, तो ज्या कर्करोगाने गेला त्याचा संबंध त्याच्या तरुणपणीच्या या किरणांशी जोडला जातो. त्या काळी हे किरण निरुपद्रवी वाटत. बुटांच्या दुकानांतसुद्धा पाय मापायला एक्स-रे यंत्रं होती!

गरोदर बाईच्या पोटाचा एक्स-रे तर चांगल्या दवाखान्याची खूण मानली जायची. बाळ आडवं आहे का, जुळी आहेत का, कमरेचं हाड पुरेसं रुंद आहे का, हे बघायला दुसरं साधनच नव्हतं. इंग्लंडमध्ये १९५० च्या सुमाराला साधारण दहातल्या एका बाळंतपणात असा एक्स-रे निघत होता.

आता मुख्य गोष्ट. ऑक्सफर्डमध्ये सोशल मेडिसिनचा एक छोटा विभाग होता. प्रमुख जॉन रायल १९५० मध्ये वारले आणि विभागाला उतरती कळा लागली. तिथे डॉ. अ‍ॅलिस स्टुअर्ट होत्या. जागा कमी, पैसा कमी. त्यांचे सहकारी डेव्हिड हेविट हे संख्याशास्त्री. मृत्यूच्या नोंदी चाळताना त्यांना दिसलं की लहान मुलांमधला ल्युकेमिया वाढतोय, आणि दोन ते चार या वयात मृत्यूंचा एक उंचवटा आहे. इतक्या लहान वयात उंचवटा आहे म्हणजे कारण जन्माच्या आसपास, किंवा जन्माच्याही आधी शोधायला हवं, असं स्टुअर्टना वाटलं.

मग माहिती कुणाकडे असणार? आईकडे. ऐकायला साधं आहे. पण त्या काळी आयांना विचारून विज्ञान होतं हे पटणारे फार कमी होते. स्टुअर्टनी प्रश्नावली तयार केली. कर्करोगाने वारलेल्या प्रत्येक मुलामागे त्याच भागातलं, त्याच वयाचं, निरोगी मूल निवडायचं, आणि दोघांच्या आयांना तेच प्रश्न विचारायचे: गरोदरपणातले आजार, औषधं, खाणं, एक्स-रे. एक्स-रे हा अनेक प्रश्नांतला एक होता, त्याच्यावर नेमका संशय होता असं नाही. मुलाखती घ्यायला माणसं नव्हती, म्हणून देशभरातल्या दोनशेहून अधिक स्थानिक आरोग्य विभागांतल्या डॉक्टरांची मदत घेतली.

पैसा? एक हजार पौंड. आणि तो आला लेडी टाटा मेमोरियल ट्रस्टकडून. मेहेरबाई टाटा १९३१ मध्ये ल्युकेमियाने गेल्या, त्यांच्या स्मरणार्थ सर दोराबजींनी पुढच्या वर्षी हा ट्रस्ट स्थापन केला, मुख्यतः रक्ताच्या रोगांवरच्या संशोधनासाठी. मुंबईच्या एका घरातल्या दुःखाचा पैसा ऑक्सफर्डच्या प्रश्नावलीपर्यंत पोचला. फेलोशिप वेळेवर न येणाऱ्या आपल्यासारख्यांना हे वाचून जरा बरं वाटतं.

१९५६ मध्ये 'लॅन्सेट'मध्ये पहिलं छोटं टिपण आलं. ५४७ वारलेली मुलं, ५४७ निरोगी. गरोदरपणी पोटाचा एक्स-रे झाला होता असं सांगणाऱ्या आया पहिल्या गटात ८५, दुसऱ्यात ४५. जवळजवळ दुप्पट. १९५८ च्या जूनमध्ये 'ब्रिटिश मेडिकल जर्नल'मध्ये सविस्तर पेपर आला, तेराशेच्या आसपास मुलांचा. निष्कर्ष तोच.

आता स्वतःला त्या वेळच्या डॉक्टरांच्या जागी ठेवून बघा. तुम्ही वर्षानुवर्षं, चांगल्याच हेतूने हे एक्स-रे काढायला सांगितलेत. तुम्ही काय म्हणाल? तेच ते म्हणाले: मूल गेलेली आई रात्रंदिवस आठवत बसते, काय चुकलं, काय केलं, तिला एक्स-रे आठवणारच. निरोगी मुलाची आई कशाला लक्षात ठेवेल? यालाच आपण रिकॉल बायस म्हणतो, आणि हा आक्षेप मूर्खपणाचा नव्हता. मी रेफरी असते तर मीही तोच काढला असता.

पण त्याचं उत्तर स्टुअर्टच्याच तक्त्यात होतं. छाती, दात, हातपाय अशा इतर भागांचे गरोदरपणी झालेले एक्स-रेही विचारलेले होते, आणि तिथे दोन्ही गटांचे आकडे जवळजवळ सारखे निघाले. दुःखाने स्मरणशक्ती ताणली गेली असती, तर छातीचाही एक्स-रे जास्त आठवायला हवा होता. फक्त पोटाचाच कसा आठवेल? माझ्या मते सगळ्या अभ्यासातली सगळ्यात सुंदर गोष्ट ही आहे, आणि ती पेपरच्या सारांशात नाही. तक्ते वाचायचा कंटाळा करू नका.

तेवढ्याने वाद मिटला नाही. १९६० मध्ये कोर्ट ब्राऊन, रिचर्ड डॉल आणि ब्रॅडफर्ड हिल यांचा पेपर आला. डॉल आणि हिल म्हणजे सिगारेट आणि फुप्फुसाचा कर्करोग यांचा संबंध दाखवणारे, केस-कंट्रोलचीच पद्धत वापरणारे. त्यांनी गरोदरपणी एक्स-रे झालेल्या आयांच्या ३९,१६६ मुलांचा माग काढला. ल्युकेमियाचे मृत्यू ९, आणि एरवी अपेक्षित असते सुमारे साडेदहा. म्हणजे वाढ शून्य. एवढी मोठी नावं, एवढा मोठा नमुना! स्टुअर्टचं म्हणणं कोपऱ्यात गेलं.

इथे थांबून गणित करा. ३९ हजार आकडा मोठा वाटतो, पण रोग इतका दुर्मिळ की अपेक्षित मृत्यूच दहा-अकरा. ल्युकेमियाचा धोका खरोखर चाळीस टक्क्यांनी वाढला असता तरी ते झाले असते पंधराच्या आसपास. दहा आणि पंधरा यांतला फरक योगायोगातसुद्धा बुडून जातो. म्हणजे त्या अभ्यासाला धोका सापडला नाही हे खरं, पण तो पकडण्याइतकं त्याचं जाळं बारीक नव्हतं. परीक्षेत 'स्टॅटिस्टिकल पॉवर'ची व्याख्या लिहिताना ९ आणि साडेदहा हे आकडे आठवा.

१९६२ मध्ये हार्वर्डचे ब्रायन मॅकमॅहन यांनी आठवणीचा प्रश्नच बाजूला काढला. अमेरिकेच्या ईशान्य भागातली ३७ मोठी प्रसूतिगृहं, ७,३४,२४३ जन्म, आणि एक्स-रे झाला की नाही हे आईला न विचारता दवाखान्याच्या जुन्या कागदांतून काढलं. कर्करोगाने जाण्याचं प्रमाण एक्स-रे झालेल्यांत सुमारे चाळीस टक्के जास्त निघालं. म्हणजे आयांना नीटच आठवत होतं! मॅकमॅहन स्वतः या कामाला हात घालताना स्टुअर्टच्या निष्कर्षाबद्दल साशंक होते, असं सांगतात.

मग आक्षेप बदलला. एक्स-रे कुणाचा काढतात? ज्या गरोदरपणात काही बिघाड आहे तिचा. मग कदाचित तो बिघाडच कर्करोगाचं कारण असेल, एक्स-रे बिचारा निमित्त. यावर १९७४ मध्ये मोल यांनी जुळ्यांचा मुद्दा काढला. त्या काळात जुळ्यांपैकी सुमारे ५५ टक्क्यांचा आणि एकेकट्या बाळांपैकी १० टक्क्यांचा पोटातच एक्स-रे होत असे, कारण एवढंच की जुळी आहेत का ते बघायचं होतं. आजार नाही, बिघाड नाही. तरीही एक्स-रेबरोबर वाढणारा धोका दोन्हींत सारखाच दिसला. शिवाय १९७० मध्ये स्टुअर्ट आणि नील यांनी दाखवलं होतं की फिल्मांची संख्या वाढली की धोकाही वाढतो.

विरोधात एक मुद्दा मात्र कायम राहिला: हिरोशिमा-नागासाकीत आईच्या पोटात असलेल्या मुलांमध्ये बालवयातल्या कर्करोगाची अशी वाढ स्पष्ट दिसली नाही. त्या मुलांची संख्या लहान होती, तरी काही जाणकार आजही याच मुद्द्यावर अडून आहेत. मला ते चूक वाटत नाही, पण पारडं दुसऱ्या बाजूला झुकलंय असं वाटतं. आणि १९९७ मध्ये रिचर्ड डॉल यांनीच, वेकफर्ड यांच्याबरोबर, सगळा पुरावा पुन्हा तपासून लिहिलं की गर्भावर १० मिलिग्रेच्या आसपास मात्रा पडली तरी बालवयातल्या कर्करोगाचा धोका वाढतो. सदतीस वर्षांनी! डॉल तेव्हा ऐंशीच्या पुढचे, स्टुअर्ट नव्वदीच्या. आपलाच जुना निष्कर्ष मागे घेणारा पेपर लिहिणं सोपं नसतं.

दरम्यान प्रत्यक्षात एक्स-रे कमी झाले ते निव्वळ या वादामुळे नाही. स्टुअर्टचा सविस्तर पेपर आला त्याच महिन्यात, जून १९५८ मध्ये, ग्लासगोच्या इयन डोनल्ड यांचा पोटातल्या गाठी ध्वनिलहरींनी पाहण्याचा पेपर 'लॅन्सेट'मध्ये छापून आला होता. धातूतल्या भेगा शोधायचं यंत्र त्यांनी आधी एका बॉयलर कारखान्यात जाऊन, ऑपरेशनमध्ये काढलेल्या गाठींवर वापरून बघितलं होतं. तीच आपली सोनोग्राफी. बाळ बघायला एक्स-रेची गरज संपली. (सोनोग्राफीने आपल्याकडे वेगळाच प्रश्न उभा केला आणि १९८८ मध्ये महाराष्ट्राला गर्भलिंग तपासणीविरोधात कायदा करावा लागला, तो वेगळ्या लेखाचा विषय.)

मग आज पोटाचा एक्स-रे काढायला जाताना एवढं सगळं मनात ठेवून घाबरायचं का? नाही. आजच्या एका साध्या फिल्ममध्ये मोठ्या माणसाला मिळणारी मात्रा साधारण अर्धा ते पाऊण मिलिसिव्हर्ट, म्हणजे निसर्गातून आपल्याला काही महिन्यांत मिळते तेवढी. पोटाच्या सीटी स्कॅनमध्ये ती दहा-पंधरा पट असते. गर्भावर एका फिल्ममुळे एक ते तीन मिलिग्रे पडू शकते. डॉल-वेकफर्डच्या हिशोबाने एका मिलिग्रेमागे धोक्यात भर पडते ती पंधरा-सोळा हजारांत एक अशा पातळीची. एरवीच कुठल्याही मुलाला बालवयात कर्करोग होण्याची शक्यता सुमारे पाचशेत एक असते. म्हणून न कळता एक्स-रे निघाला आणि नंतर दिवस गेल्याचं कळलं, तर तेवढ्यासाठी गर्भ पाडायचं कारण नाही. शंभर मिलिग्रेच्या आत तसं वैद्यकीय समर्थन नाही, असं किरणोत्सारापासून संरक्षणाचं काम करणारा आंतरराष्ट्रीय आयोगही सांगतो. आणि आतड्यात पीळ पडल्याची शंका असताना घाबरून तपासणी टाळली, तर तो धोका कितीतरी मोठा.

पाळी लांबली असेल तर मात्र सांगायचं. चारचौघांत सांगता येत नसेल तर "जरा आत बोलायचंय" म्हणायचं. एवढं म्हटलं तरी पुरतं. बाकी तयारी किरकोळ: धातूची चेन, बटणं, खिशातली नाणी काढून ठेवायची, मंगळसूत्र लांब असेल तर तेही, आणि श्वास रोखा म्हटलं की रोखायचा. बेरियमची तपासणी नुकतीच झाली असेल तर तेही सांगा, कारण ते आतड्यात राहून फिल्मवर पांढरं दिसतं. आणि एक, एक्स-रे 'नॉर्मल' आला म्हणजे पोटात काही नाही असं नसतं. युरिक अ‍ॅसिडचे खडे तर साध्या एक्स-रेत दिसतच नाहीत.

त्या दिवशी मी उठून आत गेले आणि टेक्निशियनला हळू आवाजात सांगितलं. त्याने कटकट केली नाही. लघवीची तपासणी झाली, पाच मिनिटांत रिपोर्ट आला, निगेटिव्ह. मग एक फिल्म उभं राहून, एक झोपून. काकांना आम्ही सांगितलं की मशीन तापायला वेळ लागला. आम्ही बाहेर पडत होतो तेव्हा दार पुन्हा उघडलं, आणि बाकावरच्या पुढच्या मुलीला, तिच्या सासऱ्यांसमोर, तोच प्रश्न तितक्याच मोठ्याने विचारला गेला.