वसईचे मराठी उपासनासंगीत : बहुस्वरी गायनाचा प्रश्न

१५३४ ते १७३९ या काळात पोर्तुगीज अंमलाखाली असलेली वसई २०१४ पर्यंत ठाणे जिल्ह्यातच होती. तेथील ख्रिस्ती उपासनासंगीताच्या इतिहासात दुसरी व्हॅटिकन परिषद हा निर्णायक टप्पा होय. ४ डिसेंबर १९६३ च्या उपासनाविषयक संविधानाने लोकभाषेला वाव दिला. कलम ११९ ने मिशन-प्रदेशांतील संगीतपरंपरेला योग्य स्थान देण्यास सांगितले. मात्र त्याच दस्तऐवजाने ग्रेगोरियन गायनाला अग्रस्थान दिले, बहुस्वरी रचनांना मुभा ठेवली आणि गायकवृंदांना उत्तेजन देण्यास सांगितले, याकडे आपल्या चर्चेत सहसा दुर्लक्ष होते.

लॅटिनच्या जागी मराठी आली, तेव्हा खरी अडचण शब्दांपेक्षा स्वररचनेची होती. युरोपीय वृंदगायनात चार आवाज एकाच वेळी वेगवेगळ्या स्वरांत चालतात व वाद्यवृंद त्यांना आधार देतो. दिंडीत शेकडो कंठ असतात, पण चाल एकच. भजनाची चाल स्वीकारली की साऱ्या मंडळीला गाता येते. चारपदरी गायन मात्र मागे पडते. परिषदेला अभिप्रेत असलेला लोकसहभाग पाहता ही देवघेव, प्रस्तुत लेखकाच्या मते, तोट्याची नव्हती. तथापि भारतीय भाषांना बहुस्वरी रचना मानवत नाही, असा निष्कर्ष त्यावरून काढता येत नाही. फिलिप ग्लास यांच्या १९८० च्या ‘सत्याग्रह’ या ऑपेरात गीतेतील संस्कृत वचने गायकवृंद वाद्यवृंदासह गातो.