वकिलाची गैरहजेरी आणि पक्षकाराचा न्याय

न्यायमंदिराच्या दारांत पट्टेवाला पक्षकाराच्या नांवाचा पुकारा करतो. ओ देणारें कोणी नसतें, वकीलहि नसतो. आणि वर्षानुवर्षें चाललेला दावा ‘गैरहजेरीबद्दल खारीज’ एवढ्या शब्दांनीं संपतो. हा शिरस्ता कोठून आला आणि त्यांत न्याय किती, याचा आज थोडा विचार करूं.

गैरहजेरीला दोष मानणें आपल्याकडे नवें नाहीं. नारदस्मृतींत ‘हीन’ पक्षकाराचे पांच प्रकार सांगितले आहेत. न्यायसभेपुढें उभा न राहणारा ‘नोपस्थाता’ हा त्यांतलाच एक. पेशवाईंतहि वादी-प्रतिवादी पंचांपुढें बहुधा स्वतःच उभे राहात, आपली तकरीर देत, आणि हरणारा यजितपत्र लिहून देई. गैरहजेरी घडलीच, तर ती ज्याची त्याची असे.

इंग्रजी अमदानींत पक्षकार व न्यायाधीश यांच्यामध्यें वकील आला. 1859 च्या दिवाणी कायद्यानें गैरहजर वादीचा दावा काढून टाकण्याची तरतूद केली. 1908 च्या संहितेंतहि ती राहिली. वकिलाची हजेरी ती पक्षकाराची हजेरी. अर्थात् वकिलाची गैरहजेरीहि त्याचीच! प्रतिवादी हजर असतां दावा असा खारीज झाला, तर त्याच कारणावरून नवा दावा लावतां येत नाहीं. सबळ कारण दाखवून 30 दिवसांत तोच पूर्ववत् करून मागावा लागतो. नियम निष्कारण नाहीं. प्रतिपक्षानें तरी हेलपाटे किती घालावेत?

परंतु भोकरदन तालुक्यांतील धावड्याचा शेतकरी डोळ्यांपुढें आणा. निजामी राजवटींत कोर्टाची भाषा उर्दू. मराठी कुणब्याला वकिलावांचून गति नव्हती. 1956 सालीं मराठवाडा मुंबई राज्यांत आला, तेव्हां वरचें अपील दूर मुंबईस गेलें. औरंगाबादेस खंडपीठ बसलें तें ऑगस्ट 1981 मध्यें. तोंवर वकीलपत्र व फी देऊन गांवीं परतण्यापलीकडे त्यानें काय करावें?

त्याच 1981 सालीं ‘रफीक विरुद्ध मुन्शीलाल’ या प्रकरणांत सर्वोच्च न्यायालयापुढें हाच प्रश्न आला. वकील न आल्यानें उच्च न्यायालयांत अपील निकालांत निघालें होतें. न्यायमूर्ति देसाई यांनीं निर्णय दिला कीं, वकील नेमून, फी देऊन निश्चिंत राहिलेल्या निरपराध पक्षकारानें वकिलाच्या चुकीचें फळ भोगूं नये. अपील पुन्हां चालविण्याचा हुकूम झाला. खर्च गैरहजर वकिलाकडून वसूल करावयाचा ठरला.

1993 मध्यें ‘सलिल दत्त’ प्रकरणांत त्याच न्यायालयानें या तत्त्वाला मर्यादा घातली: वकील हा पक्षकाराचा मुखत्यार आहे, प्रत्येक वेळीं क्षमा मिळेलच असें नाहीं. उलट, 1996 मध्यें ‘बनीसिंग’ प्रकरणांत ठरलें कीं, फौजदारी अपील केवळ वकील आला नाहीं म्हणून खारीज करतां येत नाहीं. कागदपत्र पाहून गुणदोषांवरच निकाल दिला पाहिजे.

तेव्हां श्रोतेहो, वकीलपत्रावर सही केली म्हणजे आपलें काम संपलें, असें कोणीं मानूं नये; पुढची तारीख विचारीत राहावें. आणि पुकाऱ्याला उत्तर आलें नाहीं, तरी हा माणूस खरोखर बेफिकीर आहे कीं दूर गांवीं विश्वासानें बसला आहे, एवढें पाहणें हें न्यायासनाचें काम आहे.