बेबे आणि बू-द-झाँ
१२. पॅरिसच्या गोमाँ कंपनीसाठी लुई फयाद याने १९१० ते १९१३ या काळात ‘बेबे’ ही मूक विनोदी लघुपटांची मालिका केली. सुरुवातीला तिचा नायक क्लेमां मारी अवघा पाच वर्षांचा होता. १९१२पासून फयादने त्याहून लहान रने पोयेनला ‘बू-द-झाँ’ म्हणून पुढे आणले. हे पोर अधिक खट्याळ, आणि माझ्या मते अधिक अस्सल. फयादच्या ‘ले व्हांपीर’ आणि ‘ज्यूदेक्स’ या गुन्हेकथांतही पोयेन आहे. त्याच्या येण्याने त्या काळोख्या कथानकांत एकदम जीव येतो. मारी मोठेपणी ‘रने दारी’ या नावाने नट म्हणून नावारूपाला आला. जाक बेकेरच्या ‘तूशे पा ओ ग्रिस्बी’मधला (१९५४) जाँ गाबाँचा जिवलग साथीदार रितों तो हाच.