मिसेस डिसांच्या हातातील तलवार

'अनाडी' (१९५९) चित्रपटातील मिसेस डिसा आमच्या वाचकांना ठाऊक नाहीत, असे सहसा होणार नाही. राज कपूरला धारेवर धरणारी आणि त्याच वेळी त्याच्यावर पोटच्या मुलासारखी माया करणारी ती कॅथलिक घरमालकीण ललिता पवार यांनी अशी काही उभी केली की, प्रत्येक गावाला आपल्याच आळीतील एखादी वृद्धा तिच्यात दिसली. एरवी ललिताबाई म्हणजे खाष्ट सासू आणि दूरदर्शनच्या 'रामायणा'तील मंथरा. एक डोळा बारीक करून पाहण्याची त्यांची लकब नव्हती, ती इजा होती. १९४२ साली एका चित्रीकरणात बसलेल्या थपडेने त्यांचा चेहरा अधू झाला आणि नायिकेचे दिवस संपले.

त्या दिवसांतल्या ललिताबाई आम्ही अलीकडे संगणकाच्या पडद्यावर पाहिल्या. चित्रपट 'दिलेर जिगर', साल १९३१, दिग्दर्शक ग. प. पवार. बळकावलेले राज्य, रस्त्यावर कसरती करीत वाढलेला खरा वारस आणि त्याची सखी, असे हे कथानक. ही सखी म्हणजे पंधरा वर्षांच्या ललिताबाई. तोंडावर मुखवटा चढवून त्या तलवार घेऊन उतरतात, तेव्हा पाहणाऱ्याला क्षणभर खरे वाटत नाही. आमच्या शेजारी बसलेल्या घरातील वडीलधाऱ्या बाईंनी तीनदा विचारले, "ही मिसेस डिसाच ना रे?"

हा मूकपट टिकला नसता तर? ही शंका उगाच काढलेली नाही. आपल्या देशात १९१३ पासून बोलपटाचा जम बसेपर्यंत सुमारे १,३०० मूकपट निघाले. आज संपूर्ण वा तुकड्यांच्या रूपाने उरलेले तीसच्या आसपास. त्यांतही साहसपटांचे नशीब अधिक खोटे. डग्लस फेअरबँक्स यांचे 'मार्क ऑफ झोरो' (१९२०) आणि 'थीफ ऑफ बगदाद' (१९२४) पाहून मुंबईच्या कंपन्यांनी घोडे, तलवारी, गच्चीवरून उड्या यांचा धडाका लावला. कोल्हापूरच्या मास्टर विठ्ठल यांना लोक हिंदुस्थानचे फेअरबँक्स म्हणत. शारदा कंपनीच्या त्यांच्या मूकपटांनी गिरणगावातील प्रेक्षक वेडा केला होता. आज त्या चित्रपटांची नावे सापडतात, जाहिराती सापडतात. चित्रपट मात्र जवळजवळ सापडतच नाहीत.

याचे कारण केवळ हवामान नव्हे. सुशिक्षितांनी या चित्रपटांना कधी कला मानलेच नाही. पौराणिक वा सामाजिक चित्रपटाची एखादी प्रत कोणी जपली असेल. मारधाडीचा चित्रपट तंबूतल्या टॉकीजमध्ये फितीच्या कडा फाटेपर्यंत फिरवायचा आणि मग आतली चांदी काढण्यासाठी भंगारात घालायचा, असा रिवाज होता. (आमच्या लहानपणीही 'फायटिंगचा पिक्चर' म्हटले की घरात कपाळाला आठ्या पडत. त्या आठ्यांचाही या नुकसानीत वाटा आहे, हे कबूल केले पाहिजे.)

शिवाय ती फीत नायट्रेटची. ती चटकन पेट घेते, जळताना स्वतःच प्राणवायू पुरवते, म्हणून पाण्यानेही विझत नाही. न जळली तर काही दशकांत चिकट होते आणि शेवटी तिची भुकटी उरते. १९६४ साली पुण्यात राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय स्थापन झाले तेव्हा मूकपटांचा काळ संपून तीस वर्षे लोटली होती. पी. के. नायर यांनी गोदामे आणि जुन्या निर्मात्यांची घरे पालथी घालून जे मिळाले ते गोळा केले. त्या साठ्यात 'दिलेर जिगर' होता. पुढे जानेवारी २००३ मध्ये पुण्यातच नायट्रेट फितींच्या कोठीला आग लागून मोठा साठा खाक झाला. ज्यांच्या प्रती आधीच सुरक्षित फितीवर उतरवल्या होत्या, तेवढेच वाचले.

परळच्या वाडिया मूव्हिटोनची गोष्ट थोडी निराळी. नादियाच्या 'हंटरवाली'ला (१९३५) वितरक मिळेना, म्हणून वाडिया बंधूंनी तो स्वतःच प्रदर्शित केला आणि तो तुफान चालला. 'मिस फ्रंटियर मेल'मध्ये (१९३६) ती आगगाडीच्या टपावर झुंजते. नादिया आपल्या उड्या आणि झुंजी स्वतः करीत असे. या घराण्याने काही रिळे सांभाळली. १९९३ साली त्याच घरातल्या रियाद वाडिया यांनी नादियावर माहितीपट काढला आणि विसरलेली नादिया नव्या पिढीला दिसली. १९९६ च्या जानेवारीत ती वारली.

आता काम संगणकावर आले आहे. फितीची एकेक चौकट यंत्रासमोर धरून तिची अंकीय प्रतिमा घेतात. दीड तासाच्या बोलपटात अशा १,२९,६०० चौकटी असतात. ओरखडे पुसायचे, थरथर थांबवायची, आणि तरीही मूळ छाया बदलू द्यायची नाही. अति साफसूफ केली तर माणसांचे चेहरे मेणाचे दिसू लागतात. केंद्र सरकारच्या राष्ट्रीय चित्रपट वारसा योजनेखाली २०२२ साली जीर्णोद्धारासाठी ३६३ कोटी रुपये जाहीर झाले. 'इंडियनसिने.मा'सारखे महाजालावरील संग्रह जुने चित्रपट टीपांसह खुले करतात. आपल्या कायद्यात चित्रपटाचा स्वामित्वहक्क प्रदर्शनानंतरच्या वर्षापासून साठ वर्षे चालतो. त्यामुळे त्या काळच्या साहसपटांपुढे हक्काची अडचण उरलेली नाही. अडचण आहे ती प्रतीची.

या सोयीने आमचा एक गैरसमज मात्र झाला होता. चित्रपट महाजालावर आला म्हणजे सुटला, असे आम्हांला वाटे. तसे नाही. आपण पाहतो ती प्रत दाबून लहान केलेली असते. मोठी प्रत चुंबकीय फितीवर ठेवतात आणि काही वर्षांनी ती वाचणारे यंत्रच जुने होते. मग पुन्हा नव्या फितीवर उतरवा. हा खर्च कधी संपत नाही आणि तो कोणाच्या नजरेतही भरत नाही. थंड कोठीत नीट ठेवलेले मूळ रीळ कधी कधी या साऱ्या यंत्रांपेक्षा जास्त टिकते. म्हणून प्रतिमा घेऊन झाली की रिळे टाकून द्यावीत, असे कोणी सुचवले तर ते ऐकू नये.

'दिलेर जिगर'ची आम्ही पाहिलेली प्रत डागाळलेली आहे. मधूनच पडदा पांढरा होतो. पण मुखवट्याआडचे ते दोन्ही डोळे सारखे उघडे, टवटवीत आहेत. आमच्या घरच्या बाईंनी तेवढाच भाग पुन्हा लावायला सांगितला.