डॉलीच्या आधीची मुलगी

१९०८पूर्वीचा सिनेमा म्हणजे कॅमेऱ्यापुढे उभे केलेले नाटक. गोष्ट सांगायला त्याला शिकवले ते अमेरिकेच्या डी. डब्ल्यू. ग्रिफिथ यांनी, असे मत आजही सर्रास मांडले जाते. या मताला बळ देणारी एक जाहिरात खुद्द ग्रिफिथ यांचीच होती. डिसेंबर १९१३मध्ये त्यांनी क्लोज-अपसह अनेक तंत्रांचे जनकत्व स्वतःकडे घेतले. पण जाहिरात म्हणजे पुरावा नव्हे.

पुरावा पडद्यावर आहे. गोमाँ या फ्रेंच कंपनीचा ‘चार वर्षांची नायिका’ हा १९०७चा लघुपट घ्या. सांभाळणारी बाई बाकावर पेंगते आणि चिमुरडी उड्या मारायची दोरी घेऊन एकटीच निघते. वाटेत लुटारू दिसतात, तर तीच दोरी आडवी ताणून त्यांना तोंडघशी पाडते. पुढे एका आंधळ्याला पाण्यात पडता पडता वाचवते, रेल्वेफाटकाशी झिंगलेल्या दारुड्यांचा जीव राखते. कॅमेरा जागचा हलत नाही, हा आक्षेप खरा. पण ती एका चौकटीतून बाहेर पडते, दुसरीत शिरते, आणि बाग, रस्ता, पूल, फाटक यांची सलग वाट आपल्या मनात तयार होते. रंगमंचावर हे कसे साधणार?

ग्रिफिथ यांचा पहिला चित्रपट ‘द ॲडव्हेंचर्स ऑफ डॉली’ जुलै १९०८चा. त्यातही घराबाहेर पडलेली लहान मुलगीच आहे. पण तिला पळवतात, पिंपात कोंबतात, पिंप नदीतून वाहत जाते आणि सोडवणारे दुसरेच कोणी असते. कॅमेरा तिथेही स्थिरच. मग एकाला नाटक आणि दुसऱ्याला आरंभ कोणत्या न्यायाने म्हणायचे?

राहिला क्लोज-अप. गोमाँच्याच १९०६च्या ‘बाईसाहेबांचे डोहाळे’मध्ये गरोदर नायिका चोरलेला खाऊ चघळते, तेव्हा कॅमेरा तिच्या चेहऱ्याजवळ जातो, तिचे सुख आपल्याला दिसावे म्हणूनच.

गोमाँचे हे दोन्ही चित्रपट दिग्दर्शिका ॲलिस गी यांचे मानले जातात. दिग्दर्शकाचे नाव तेव्हा पडद्यावर येत नसे, त्यामुळे त्यांच्या कितीतरी कामाचे श्रेय इतरांच्या खाती जमा झाले. १९६८मध्ये त्या वारल्या. आत्मचरित्र १९७६मध्ये निघाले. चित्रपटाचा अभ्यासक्रम आखणाऱ्यांनी डॉलीच्या आधी ही दोरीवाली मुलगी दाखवावी.