श्रेयस तळपदे

श्रेयस तळपदे (जन्म: २७ जानेवारी १९७६, मुंबई) हे मराठी व हिंदी चित्रपटसृष्टीतील अभिनेते, ध्वनिकलाकार, निर्माते आणि दिग्दर्शक आहेत. ‘इक्बाल’ (२००५) या हिंदी चित्रपटातील मूकबधिर गोलंदाजाच्या भूमिकेमुळे ते देशभर परिचित झाले. ‘पुष्पा: द राइज’ (२०२१) या तेलुगू चित्रपटाच्या हिंदी आवृत्तीत त्यांचा केवळ आवाज होता आणि तोही तितकाच गाजला. शब्दांविना केलेला अभिनय आणि चेहऱ्याविना केलेला अभिनय, अशी दोन्ही टोके त्यांच्या कारकिर्दीत आढळतात.

कारकिर्दीचा प्रारंभ

अल्फा टीव्ही मराठीवरील ‘आभाळमाया’ या मालिकेतून ते महाराष्ट्रातील घराघरांत पोहोचले. ‘सावरखेड एक गाव’ (२००४) आणि महेश कोठारे दिग्दर्शित ‘पछाडलेला’ (२००४) हे त्यांचे आरंभीचे उल्लेखनीय मराठी चित्रपट होत.

हिंदी चित्रपट

नागेश कुकुनूर दिग्दर्शित ‘इक्बाल’मध्ये खेड्यातील एका मूकबधिर मुलाचा वेगवान गोलंदाज होण्याचा प्रवास आहे. या भूमिकेस एकही संवाद नसल्याने नजर, हातांच्या खुणा आणि देहबोली हीच अभिनयाची साधने होती. कुकुनूर यांच्याच ‘डोर’ (२००६) मध्ये त्यांनी बहुरूप्याची भूमिका केली. श्याम बेनेगल यांच्या ‘वेलकम टू सज्जनपूर’ (२००८) मध्ये ते निरक्षर गावकऱ्यांची पत्रे लिहून देणारा महादेव झाले. ‘ओम शांती ओम’ (२००७) आणि ‘गोलमाल’ मालिकेतील चित्रपटांनी त्यांना विनोदी नट म्हणून लोकप्रियता दिली. ‘गोलमाल ३’ (२०१०) मधील त्यांचा लक्ष्मण अडखळत बोलतो. ‘कौन प्रवीण तांबे?’ (२०२२) मध्ये त्यांनी वयाच्या ४१व्या वर्षी आयपीएलमध्ये पदार्पण करणाऱ्या मुंबईच्या फिरकी गोलंदाजाची भूमिका साकारली.

ध्वनिकलाकार

‘द लायन किंग’ (२०१९) च्या हिंदी आवृत्तीत तळपदे यांनी टिमॉनला आवाज दिला. त्यानंतर सुकुमार दिग्दर्शित ‘पुष्पा’मध्ये ते अल्लू अर्जुन यांचा हिंदी आवाज झाले. हिंदी आवृत्तीने १०० कोटी रुपयांहून अधिक व्यवसाय केला. या भूमिकेसाठी अल्लू अर्जुन यांना सर्वोत्कृष्ट अभिनेत्याचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. हिंदी प्रेक्षकांपर्यंत मात्र ही भूमिका तळपदे यांच्या आवाजातून पोहोचली होती.

भाषांतरित संवाद बोलताना कलाकाराला पडद्यावरील ओठांच्या हालचाली, श्वास आणि विराम यांच्याशी जुळवून घ्यावे लागते. प, फ, ब, भ, म या ओष्ठ्य वर्णांच्या उच्चारात ओठ मिटतात. त्यामुळे ते भलत्या ठिकाणी आल्यास विसंगती लगेच नजरेस येते. म्हणून अनेकदा अर्थ कायम ठेवून शब्द बदलावे लागतात. दुसऱ्या नटाने ठरवलेल्या गतीत आपली भावना बसवणे हे या कामातील मुख्य कौशल्य होय. ‘बाहुबली’च्या हिंदी आवृत्तीत प्रभास यांना आवाज देणारे शरद केळकर हेदेखील याच क्षेत्रातील ठळक मराठी नाव आहे.

निर्मिती, दिग्दर्शन व दूरदर्शन

‘सनई चौघडे’ (२००८) आणि ‘पोश्टर बॉईज’ (२०१४) या मराठी चित्रपटांची निर्मिती त्यांनी केली. दुसऱ्याच्या हिंदी रूपांतराचे (२०१७) दिग्दर्शनही त्यांचेच होते. झी मराठीवरील ‘माझी तुझी रेशीमगाठ’ (२०२१–२३) या मालिकेतील यशवर्धन चौधरी या भूमिकेद्वारे ते मराठी छोट्या पडद्यावर परतले. रंगभूमीवरील कलाविष्कारांसाठी त्यांनी २०२१ मध्ये ‘नाइन रसा’ हे ओटीटी व्यासपीठ सुरू केले.

आजारपण व पुनरागमन

डिसेंबर २०२३ मध्ये, दिवसभराचे चित्रीकरण आटोपल्यानंतर त्यांना हृदयविकाराचा तीव्र झटका आला. उपचारांनंतर ते कामावर परतले. डिसेंबर २०२४ मध्ये ‘पुष्पा २: द रूल’ आणि ‘मुफासा: द लायन किंग’ या दोन्ही चित्रपटांच्या हिंदी आवृत्त्यांत त्यांचा आवाज पुन्हा ऐकू आला. जानेवारी २०२५ मध्ये प्रदर्शित झालेल्या ‘इमर्जन्सी’ चित्रपटात त्यांनी अटलबिहारी वाजपेयी यांची भूमिका केली.