हजेरीपटावरची रंगभूमी

अमेरिकेच्या संयुक्त संस्थानांत नाट्यव्यवसाय सरकारी आश्रयावर कधीच वाढला नव्हता. राजाच नसल्यामुळे राजदरबारची बिदागी नव्हती, आणि जर्मनीतल्याप्रमाणे नगराच्या खर्चाने चालणारी नाट्यगृहेही तेथे रूढ झाली नाहीत. भांडवलवाल्याने रक्कम घालावी, ती तिकिटविक्रीतून वसूल करावी आणि वसुलीची चिन्हे न दिसल्यास आठवडाभरात खेळ गुंडाळावा, हाच न्यूयॉर्कच्या ब्रॉडवेचा शिरस्ता. अशा देशात १९३५ साली सरकारने नट, गायक, वादक, विदूषक आणि कळसूत्री बाहुल्यांचे खेळ करणारे यांना आठवड्याच्या पगारावर ठेवून घेणारे एक खाते उघडले, आणि त्या खात्याच्या छायेत ऑर्सन वेल्स या वीस वर्षांच्या तरुणाची दिग्दर्शक म्हणून न्यूयॉर्कमधली कारकीर्द सुरू झाली. ‘सिटिझन केन’ या चित्रपटाचा कर्ता म्हणून वेल्सचे नाव सर्वतोमुखी आहे, आणि त्याच्या नाट्यजीवनाकडे त्या चित्रपटाची प्रस्तावना म्हणून पाहण्याची रीत पडून गेली आहे. मला ती रीत मान्य नाही. नाट्यदिग्दर्शक म्हणून त्याचे सर्वांत समर्थ कर्तृत्व १९३६ ते १९३८ या दोन वर्षांत घडले, आणि त्या कर्तृत्वामागे त्याच्या प्रतिभेइतकाच सरकारी हजेरीपटही उभा होता, असे त्या काळाचे वृत्त वाचताना वारंवार वाटते.

विस्कॉन्सिन संस्थानातील केनोशा या गावी ६ मे १९१५ रोजी त्याचा जन्म झाला. नऊ वर्षांचा असताना आई गेली, पंधराव्या वर्षी वडील वारले. इलिनॉयमधील वूडस्टॉक येथील टॉड शाळेत रॉजर हिल नावाचा असामान्य शिक्षक त्याला लाभला, आणि त्याने शाळेची रंगभूमी या मुलाच्या स्वाधीन केल्यामुळे इतर मुले ज्या वयात पाठांतर करतात त्या वयात हा शेक्सपिअरच्या नाटकांची काटछाट करू लागला. १९३१ साली चित्रे काढण्याच्या निमित्ताने तो आयर्लंडात गेला आणि डब्लिनच्या गेट थिएटरात हिल्टन एडवर्ड्स व मिहॉल मॅक्लिअमोर या चालकांपुढे आपण न्यूयॉर्कचे नामवंत नट आहोत अशी बिनदिक्कत थाप मारून उभा राहिला. त्या दोघा मुरलेल्या रंगकर्मींनी थाप ओळखली, परंतु आवाजही ओळखला, आणि त्या ऑक्टोबरात ‘ज्यू झ्यूस’ या नाटकातील वृद्ध ड्यूकची भूमिका त्या सोळा वर्षांच्या मुलाला दिली. पुढे अमेरिकेत परतल्यावर कॅथरीन कॉर्नेल या थोर नटीच्या फिरत्या मंडळीत त्याला प्रवेश मिळाला, आणि १९३४ च्या डिसेंबरात तिच्या ‘रोमिओ अँड ज्युलिएट’मध्ये टिबल्ट म्हणून तो ब्रॉडवेवर दिसला. तो प्रयोग पाहणाऱ्यांत जॉन हाउसमन होता. बुखारेस्टमध्ये जन्मलेला, धान्याच्या व्यापारात शिरलेला आणि १९२९ च्या शेअरबाजाराच्या पडझडीत बुडून नाटकाकडे वळलेला हा मनुष्य पुढील काही वर्षे वेल्सचा कारभारी, सल्लागार आणि प्रतिस्पर्धी असा तिहेरी संबंधी होऊन बसला.

आता त्या खात्याविषयी. बेकारांना भिक्षा न देता काम द्यावे, या धोरणाने अध्यक्ष रूझवेल्ट यांच्या सरकारने जी विशाल योजना आखली तिचा मुख्य हॅरी हॉपकिन्स. आणि बेकारांत नटही आहेत, त्यांना खड्डे खणावयास लावणे हा शहाणपणा नव्हे, हे ज्याला उमगले तोही हाच. त्याने वासर महाविद्यालयातील नाट्यशिक्षिका हॅली फ्लॅनगन हिची ‘फेडरल थिएटर प्रोजेक्ट’च्या प्रमुखपदी नेमणूक केली. नियम असा होता की, दर दहा माणसांत नऊ माणसे मदतीच्या यादीवरील बेकार असली पाहिजेत, आणि न्यूयॉर्कमध्ये त्यांचा पगार आठवड्याला २३ डॉलर ८६ सेंट इतका. पैसा खर्च व्हावयाचा तो मुख्यतः पगारावर. पडदे, पोशाख, दिवे यांसाठी उरलासुरला. ब्रॉडवेच्या मालकाची दृष्टी याच्या अगदी उलट असते. माणूस महाग पडतो म्हणून तो पात्रे कमी करतो. या खात्याला मात्र माणूस फुकट होता आणि सामान महाग होते. त्यामुळे शंभर-सव्वाशे पात्रे एका वेळी रंगमंचावर उभी करण्याची ऐश, जी त्या मंदीच्या दिवसांत कोणा भांडवलवाल्याला परवडली नसती, ती एका सरकारी कलमाने सहज शक्य झाली. वेल्सच्या भव्य समूहदृश्यांची स्तुती करणाऱ्यांनी हे कलम ध्यानात घ्यावे, अशी माझी नम्र सूचना आहे.

हार्लेममध्ये कृष्णवर्णीय नटांसाठी ‘नीग्रो थिएटर युनिट’ या सरकारी नावाचा विभाग लफायेट नाट्यगृहात स्थापन झाला, त्याचे चालकत्व हाउसमन आणि ज्येष्ठ नटी रोझ मॅक्लेंडन यांच्याकडे आले, आणि हाउसमनने वेल्सला पाचारण केले. ‘मॅकबेथ’ स्कॉटलंडातून उचलून हैतीसारख्या एका बेटावर, आंरी क्रिस्तोफ या राजाच्या काळात नेऊन ठेवावे, ही कल्पना वेल्सची पत्नी व्हर्जिनिया हिची. चेटकिणींच्या जागी वूडू पंथाचे मांत्रिक, रानात घुमणारे ढोल, रेशमी गणवेशातले सरदार असा त्या नाटकाचा थाट ठरला. ढोलवादनासाठी सिएरा लिओनमधून आलेला असादाता दाफोरा याचे पथक घेण्यात आले, संगीताची जबाबदारी व्हर्जिल टॉमसनकडे आणि प्रकाशयोजना एब फेडरकडे होती. जॅक कार्टर मॅकबेथ झाला, एडना टॉमस त्याची राणी. वेल्स दिवसभर रेडिओवर आवाज विकून पोट भरीत असल्यामुळे तालमी मध्यरात्री सुरू होत आणि उजाडता संपत. आणि हार्लेममध्ये कुजबूज अशी की, हे दोघे गोरे आपल्या जातीचे हसे करण्यासाठी काही थट्टानाट्य बसवीत आहेत. शंका अनाठायी नव्हती. गोऱ्या प्रेक्षकांच्या करमणुकीसाठी काळ्या नटाने वेडेवाकडे हातवारे करावेत, हाच तोपर्यंतचा प्रघात होता.

१४ एप्रिल १९३६ च्या रात्री ती शंका फिटली. नाट्यगृहाभोवती सुमारे दहा हजारांचा समुदाय लोटला, सातव्या ॲव्हेन्यूवरील रहदारी खोळंबली, वाद्यपथके मिरवत आली. लफायेटमध्ये दहा आठवडे खेळ झाला, पुढे ब्रॉडवेच्या ॲडेल्फीत, आणि तेथून मंडळी देशभर फिरतीवर गेली. टीकाकारांपैकी ‘हेरल्ड ट्रिब्यून’च्या पर्सी हॅमंडने या प्रयोगाला सरकारी पैशाची उधळपट्टी ठरवले, त्याचा रोख दिग्दर्शकापेक्षा करदात्याच्या खिशाकडे अधिक होता. तो काही दिवसांतच न्यूमोनियाने वारला, आणि ढोलवाल्यांनी त्याच्यावर मूठ मारली अशी आख्यायिका पसरली, जी वेल्सने आयुष्यभर मोठ्या चवीने सांगितली. वेल्सच्या तोंडची कोणतीही हकीकत साक्षीदाराच्या जबानीइतकी विश्वसनीय मानू नये, हे त्याचे चाहतेही मान्य करतात. मात्र शेक्सपिअरचे काव्य उच्चारण्याचा अधिकार कृष्णवर्णीय नटांनी त्या रात्री सर्वांसमक्ष बजावला, ही गोष्ट आख्यायिकेत मोडत नाही.

या यशामुळे वेल्स व हाउसमन यांना मॅक्सीन इलियट नाट्यगृहात स्वतंत्र विभाग मिळाला. त्याला नावदेखील दप्तरी होते: ‘प्रोजेक्ट ८९१’. तेथे एक फ्रेंच प्रहसन झाले, आणि १९३७ च्या जानेवारीत मार्लोचे ‘डॉक्टर फॉस्टस’. काळ्या मखमलीच्या गाभ्यातून प्रकाशाचे खांब उतरत, त्यांत पात्रे अकस्मात प्रकट होत आणि लोप पावत. स्वतः वेल्स फॉस्टस, आणि मेफिस्टोफिलिस पुन्हा जॅक कार्टर. खात्याकडून सामानाला पैसे अपुरे पडत तेव्हा वेल्स रेडिओची कमाई त्यात ओतीत असे, आणि सरकारी कामात खासगी पैशाची बेकायदा अफरातफर करणारा मी एकटाच, असे पुढे थट्टेने सांगे.

खरा प्रसंग आला तो जूनमध्ये. मार्क ब्लिट्झस्टाइनचे ‘द क्रेडल विल रॉक’ हे संगीत नाटक पोलादाच्या एका नगरीतील मालक व मजूर यांच्या झगड्यावर रचलेले. आणि त्याच वर्षी ३० मे रोजी शिकागोत पोलाद कारखान्याच्या संपकऱ्यांवर पोलिसांनी गोळीबार करून दहा माणसे मारलेली. तिकिटे खपली होती, प्रारंभाची तारीख ठरली होती, एवढ्यात वॉशिंग्टनहून फर्मान आले की, खर्चाची काटकसर व खात्याची फेररचना चालू असल्यामुळे १ जुलैपूर्वी कोणताही नवा खेळ सुरू करू नये. हुकमात या नाटकाचे नाव नव्हते. नाव न घेता एखाद्याचाच गळा आवळण्याची कला सर्व देशांतील कचेऱ्यांना अवगत असते. नाट्यगृहाला कुलूप आणि पहारा बसला. नेपथ्य, पोशाख, सारे सरकारी मालमत्ता म्हणून जप्त. हॉवर्ड डा सिल्वा या नटाचा केसांचा टोपसुद्धा.

१६ जून १९३७ च्या संध्याकाळी प्रेक्षक दाराशी जमलेले, आत जाता येत नाही, आणि दुसरे नाट्यगृह सापडत नाही, अशा अवस्थेत अखेर एकवीस गल्ल्या उत्तरेला असलेले ‘व्हेनिस’ नावाचे रिकामे थिएटर भाड्याने मिळाले, एक पियानो ट्रकवर चढला, आणि शेकडो प्रेक्षक व नटमंडळी पायीच त्या दिशेने निघाली. अडचण आणखी एक होती. नटांच्या संघटनेने निवाडा दिला होता की, सरकारच्या परवानगीवाचून या नाटकात रंगमंचावर पाऊल टाकता येणार नाही. तेव्हा रंगमंचावर एकटा ब्लिट्झस्टाइन पियानोपाशी बसला, सर्व पदे आपणच म्हणण्याच्या तयारीने. त्याने पहिले पद सुरू केले आणि बाजूच्या बॉक्समधून ऑलिव्ह स्टँटन ही नटी उभी राहून ते गाऊ लागली. तिच्यापाठोपाठ कोणी तळमजल्यावरून, कोणी सज्जातून आपापली भूमिका उचलली. निवाड्यात ‘रंगमंच’ म्हटले होते. प्रेक्षागाराचा त्यात उल्लेख नव्हता. आठवड्याचे तेवीस डॉलर हाच ज्यांचा आधार त्यांनी हा धोका पत्करला, आणि काही जण आलेच नाहीत. त्या न आलेल्यांना भित्रे म्हणण्याचा अधिकार मला तरी नाही.

या रात्रीचे श्रेय वेल्सला देताना एक गोष्ट सहसा विसरली जाते. त्याने या नाटकासाठी प्रकाशमान काचेच्या सरकत्या मंचांचे अवाढव्य नेपथ्य तयार करविले होते, आणि ते कुलपात अडकले म्हणूनच नाटक तरले. त्या झगमगाटाखाली ब्लिट्झस्टाइनची पदे चेंगरली असती, अशी माझी समजूत आहे. हाउसमन बडतर्फ झाला, वेल्सने राजीनामा दिला, आणि दोघांनी मिळून ‘मर्क्युरी थिएटर’ काढले. ११ नोव्हेंबर १९३७ रोजी ‘जूलियस सीझर’ आले तेव्हा नेपथ्य म्हणून मागची विटांची नागडी भिंत, तांबडी रंगवलेली, आणि काही चौथरे एवढेच होते. पात्रांच्या अंगावर मुसोलिनीच्या अनुयायांचे गणवेश, जमिनीतून वर फेकलेले न्यूरेंबर्गच्या मेळाव्यांतल्यासारखे दिवे, मध्यंतराविना सलग खेळ. ब्रूटस स्वतः वेल्स. सिना नावाच्या कवीला नामसादृश्यामुळे जमाव घेरून ठार करतो तो एरवी गाळला जाणारा प्रवेश येथे नाटकाचे मर्मस्थान झाला, आणि त्यातील नॉर्मन लॉइडचा भांबावलेला कवी प्रेक्षक विसरले नाहीत. १५७ प्रयोग झाले. खंजीर दिव्यात चमकला पाहिजे म्हणून वेल्सने खरे पाते वापरले आणि १९३८ च्या एप्रिलमध्ये सीझर झालेला जोझेफ हॉलंड खरोखरच जखमी होऊन रुग्णालयात गेला. त्याच वर्षीच्या ३० ऑक्टोबरला मंगळवासीयांच्या स्वारीच्या रेडिओनाट्याने वेल्सचे नाव घरोघरी झाले. तीन दिवसांनी रंगभूमीवर आलेले ‘डँटन्स डेथ’ मात्र एकवीस प्रयोगांत संपले. पुढच्या वर्षी शेक्सपिअरच्या ऐतिहासिक नाटकांची मोट बांधून केलेले ‘फाइव्ह किंग्ज’ फिरत्या रंगमंचाच्या यंत्राने दगा दिल्यामुळे बॉस्टनमध्ये लंगडले आणि फिलाडेल्फियात बंद पडले. आता प्रत्येक अपयशाचा भुर्दंड खासगी होता.

तिकडे सरकारी खात्याचेही दिवस भरत आले होते. ६ डिसेंबर १९३८ रोजी हॅली फ्लॅनगनची प्रतिनिधिगृहाच्या चौकशी समितीपुढे जबानी झाली. तिच्या एका जुन्या लेखात मार्लोचा उल्लेख होता. तो धरून स्टार्न्स नावाच्या सभासदाने विचारले की, हा मार्लो कम्युनिस्ट आहे काय. शेक्सपिअरच्या लगतपूर्वीच्या काळातील तो सर्वश्रेष्ठ नाटककार होता अशी नोंद करून घ्यावी, असे तिने शांतपणे सांगितले. ज्या मार्लोचे नाटक याच खात्याने महिनोन्महिने चालवले, त्याच्या राजनिष्ठेची अशी तपासणी झाली, आणि ३० जून १९३९ रोजी खात्याची मंजुरी संपली.

वेल्स हॉलिवूडला गेला. रंगभूमीवर तो परतला तो तुकड्यातुकड्यांनी: १९४१ चे ‘नेटिव्ह सन’ जोरकस होते, १९४६ चे ‘अराउंड द वर्ल्ड’ ७५ प्रयोगांत त्याला कर्जबाजारी करून गेले, १९५६ च्या ‘किंग लिअर’मध्ये घोट्याला इजा झाल्याने त्याने चाकांच्या खुर्चीतून राजा उभा केला. १९५५ साली लंडनमध्ये केलेले ‘मोबी डिक’ हे यांतील सर्वांत चांगले असावे. त्यात तालमीचा रिकामा मंच हेच जहाज होते. १९६० मध्ये ऑलिव्हिए या नटाला घेऊन ‘ऱ्हिनॉसरस’ बसवले, ते त्याचे शेवटचे नाट्यदिग्दर्शन. पंचवीस वर्षे तो पुढे जगला. त्याच्यापाशी कल्पनांची वाण कधीच पडली नाही. पडली ती आठवड्याच्या आठवड्याला पगार वाटणाऱ्या खजिनदाराची.

फेडरल थिएटरचे दप्तर दीर्घकाळ विस्मरणात गेले होते. १९७४ साली ते बाल्टिमोरजवळील एका विमानघरात सापडले: नाटकांच्या संहिता, पोशाखांची रेखाटने, पत्रव्यवहार, छायाचित्रे. हार्लेमच्या मॅकबेथची हलती चित्रे मात्र सुमारे चार मिनिटांचीच उरली आहेत. ती ‘वी वर्क अगेन’ नावाच्या १९३७ च्या सरकारी माहितीपटात आहेत, आणि तो पट नाटकाविषयी नाहीच. कृष्णवर्णीय बेकारांना सरकारने कोणकोणती कामे दिली याचा तो अहवाल आहे, आणि त्या कामांच्या यादीत मॅकबेथचा शेवटचा प्रवेशही दाखल करून घेतलेला आहे.